न काढलेल्या रांगोळीचा खटला

ही गोष्ट सांगायचं मी बरीच वर्षं टाळलं. टाळायला कारणं होती आणि ती सगळी सभ्य होती. आधी वहिनी हयात होत्या. मग माझी बायको आजारी पडली. मग मुलगा म्हणाला, "बाबा, जुनं कशाला उकरता?" अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी कारणं संपत आली. त्यातच आमच्या मराठी मंडळाच्या तरुण सेक्रेटरीचा फोन आला.

"काका, साहेब रिटायर होतायत. दिवाळी अंकात त्यांच्यावर दोन पानं हवीत. तुम्हीच लिहा, तुमची जुनी ओळख. शीर्षक मी काढलंय, 'लोकप्रतिनिधी ते न्यायाधीश'. आणि फोटो द्या एखादा, कुर्त्यातला असला तर बेस्ट."

लिहितो म्हटलं. ही ती दोन पानं. छापणार नाहीत, हे मला माहीत आहे.

साहेब म्हणजे जर्मन गृहस्थ. त्यांना साहेब म्हणायची सुरुवात मीच केली. पुण्याहून इथे येऊन फ्रँकफर्टजवळच्या कारखान्यात तीस-पस्तीस वर्षं गिअरबॉक्सची डिझाइन्स काढली, पासपोर्ट बदलला, पण जरा उंच खुर्ची दिसली की तोंडातून 'साहेब' निघायचं ते काही सुटलं नाही.

ते आमच्या गावातून दोनदा लांडटागवर, म्हणजे राज्याच्या विधानसभेवर, निवडून गेले. दहा वर्षांत त्यांनी काय केलं, असं कोणी विचारलं तर मी सांगू शकतो, कारण त्यांची पत्रकं मीच वाटायचो. त्यांनी एका गोल चौकाचं उद्घाटन दोनदा केलं, एकदा काम सुरू होताना आणि एकदा संपल्यावर. मधलं दीड वर्ष रस्ता बंद म्हणून लोक शिव्या घालत होते, तेव्हा ते काम नगरपालिकेचं होतं. सायकलच्या वाटेला त्यांचा पाठिंबा होता आणि ती वाट ज्याच्या शेतातून जायची होती त्या शेतकऱ्यालाही त्यांचा पाठिंबा होता. वाट अजून झालेली नाही. दोघंही त्यांना मत देत होते.

आमच्या गणपतीला मात्र ते न चुकता येत. चर्चचा हॉल आम्ही भाड्यानं घ्यायचो. पहिल्या रांगेत त्यांची खुर्ची, मग शाल, मग नारळ. नारळाचं काय करायचं ते त्यांना दहा वर्षांत समजलं नाही. गोलकीपरसारखा छातीशी धरून उभे राहायचे. मोदकाला दर वर्षी 'गोड क्नोडेल', म्हणजे त्यांच्याकडचा बटाट्याचा उकडलेला गोळा पण गोड, असं म्हणायचे आणि आम्ही दर वर्षी पहिल्यांदाच ऐकल्यासारखं हसायचो. आमच्यातल्या बहुतेकांना मतदानाचा हक्कच नव्हता, मग हा माणूस येतो कशाला, असं बायकोनं एकदा विचारलं होतं.

"आपल्या संस्कृतीबद्दल आदर आहे त्यांना," मी म्हणालो.

"अहो, फोटोबद्दल आदर आहे. फोटोवाला गेला की पाच मिनिटांत तेही जातात. बघा एकदा घड्याळ लावून."

मी घड्याळ लावलं नाही. कारण त्याच सुमारास त्यांनी राज्याच्या एका सन्मानपत्रासाठी माझ्या नावाची शिफारस केली होती. परदेशी समाजात स्वयंसेवा वगैरे केल्याबद्दल. नगरभवनात समारंभ झाला. साहेबांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि लोकांना म्हणाले, "हे पाहुणे नाहीत. हे आपल्यातलेच एक आहेत." त्या वाक्यावर मी पुढची कित्येक वर्षं जगलो. सन्मानपत्र फ्रेम करून घरात शिरल्या-शिरल्या दिसेल असं लावलं. बायको म्हणाली, "आपल्यातले म्हणजे कोणातले हो नक्की?"

तिसऱ्या निवडणुकीत साहेब आपटले. पक्षानं यादीत त्यांचं नाव इतकं खाली टाकलं होतं की ते वाचायला चष्मा लागायचा. सहा महिने ते बेकरीतसुद्धा दिसले नाहीत. आणि मग त्यांनी तरुणपणी कायद्याच्या दोन्ही परीक्षा दिल्या होत्या, हे त्यांना आणि पक्षातल्या त्यांच्या मित्रांना एकदमच आठवलं. वर्षभरात साहेब आमच्याच भागातल्या आम्ट्सगेरिश्टात, म्हणजे खालच्या स्थानिक कोर्टात, न्यायाधीश झाले. नियमानुसारच झालं असणार. इथे सगळं नियमानुसारच होतं. ते कोणासाठी किती भरभर होतं एवढाच फरक असतो. लोकांनी ज्या माणसाला आपल्या वतीनं बोलायलासुद्धा नालायक ठरवलं, तो आता लोकांच्या भाड्यांचे, कुंपणांचे आणि भुंकणाऱ्या कुत्र्यांचे निकाल देऊ लागला.

मला फार आनंद झाला. कोर्टात आपली ओळख झाली, हा तो आनंद. आपल्या माणसांना तो समजावून सांगावा लागत नाही.

आता वहिनी. माझा एक मित्र होता, माझ्याच वर्षी पुण्याहून आलेला, माझ्याच कारखान्यात. त्याची ही बायको. मित्र निवृत्तीनंतर दोन वर्षांत गेला. मुलगी लग्न होऊन हॅम्बर्गला. वहिनी त्याच जुन्या घरात आता एकट्या राहत होत्या, दुसऱ्या मजल्यावर. त्या घरात त्यांची सत्तावीस वर्षं झाली होती. मला 'भावजी' म्हणायच्या. एका वृद्धाश्रमाच्या स्वयंपाकघरात त्यांनी नोकरी केली होती, त्यामुळे जर्मन येत होतं, पण बटाटे, भांडी आणि 'जा जा, गेनाऊ', म्हणजे 'हो हो, अगदी बरोबर', एवढ्यापुरतं.

रोज सकाळी अंघोळ झाली की त्या दारापुढच्या फरशीवर रांगोळी काढत. मोठी नाही, तळहाताएवढी. चार ठिपके, एक कमळ किंवा गोपद्मं. खालच्या मजल्यावरच्या जर्मन आजी वर येऊन ती बघायच्या आणि बोटानं हवेत गिरवायच्या. सत्तावीस वर्षांत कोणाची तक्रार नव्हती. मग ती इमारत विकली गेली. नव्या मालकाला जुने भाडेकरू नको होते, नवे हवे होते, आणि ते का हे सांगायला नको. त्यानं हाउसऑर्डनुंग, म्हणजे इमारतीची नियमावली, बारकाईनं वाचली आणि वहिनींना लेखी ताकीद पाठवली: जिन्यात पावडर टाकू नये.

वहिनींनी ताकीद देवघरात ठेवली आणि रांगोळी अजून लहान केली.

त्यानंतर साधारण महिन्यानं सांगलीला त्यांचे धाकटे दीर गेले. माझी बायको तेव्हा पुण्याला होती, म्हणून मी एकटाच भेटायला गेलो. जिना नुकताच पुसला होता. मालकानं नेमलेल्या कंपनीचा माणूस बादली घेऊन वरच्या मजल्यावर जात होता. पायऱ्यांवर साबणाचं पाणी तसंच होतं. मी कठडा धरून चढलो. वहिनींच्या दारापुढची फरशी कोरी होती. मला ते लगेच जाणवलं, कारण त्या दारापुढे मी नेहमी लांब पाय टाकून आत जायचो, रांगोळीवर पाय पडू नये म्हणून. त्या दिवशीही सवयीनं लांब पाय टाकला, आणि खाली काहीच नव्हतं.

वहिनी म्हणाल्या, "या भावजी. सुतक आहे, चहा विचारत नाही."

ज्या वाचकांच्या घरात आता हे राहिलेलं नाही त्यांच्यासाठी सांगतो: घरातलं माणूस गेलं की दहा दिवस देव पूजायचे नाहीत, दारात रांगोळी काढायची नाही. वहिनींचा तो पाचवा दिवस होता. आम्ही बोलत बसलो होतो तेवढ्यात खालून मोठा आवाज आला. पळत गेलो. पहिल्या मजल्याच्या वळणावर जर्मन आजी पडल्या होत्या. मनगट मोडलं होतं. त्यांच्या सपाता तळापर्यंत ओल्या होत्या. मी स्वतः त्या उचलून बाजूला ठेवल्या.

आजींना पाय कशावरून घसरला ते आठवत नव्हतं, आणि आठवड्याभरात मालकाचं पत्र आलं. ताकीद देऊनही भाडेकरूनं पावडर टाकली, त्यामुळे शेजारीण पडली, तरी घर सोडावं.

वहिनी ते पत्र घेऊन माझ्याकडे आल्या. "भावजी, मी काढलीच नव्हती. सुतकात कशी काढीन? तुम्ही होतात ना तिथं."

आणि मी, शहाणा, इथल्या लोकांची नस ओळखणारा, सन्मानपत्रवाला, म्हणालो, "वहिनी, सुतक कोणाला समजावणार इथे? ऐका माझं. सरळ माफीचं पत्र लिहू. पुढचा माणूस आपोआप नरमतो. विषय संपतो."

"पण न केलेल्याची माफी?"

"लिहायला काय जातं? माफी मागितल्यानं कोणी लहान होत नाही."

आपल्याकडे हे चालतं. सोसायटीत भांडण झालं की ज्याची चूक नाही तो मोठ्या मनानं हात जोडतो, दुसरा ओशाळतो, दोघं मिळून चहा पितात. मी तो मजकूर रचला. 'माझ्या दारापुढील पावडरमुळे आपल्या इमारतीत अपघात घडला याचे मला मनापासून दुःख आहे.' जर्मनमध्ये तो फार सुरेख उतरला होता. वहिनींनी माझ्यासमोर बसून आपल्या अक्षरात तो उतरवून काढला, मुलं शुद्धलेखन काढतात तसा, एकेक अक्षर माझ्या कागदाशी ताडून.

मालक नरमला नाही, ओशाळलाही नाही. त्यानं पत्र फाइलला लावलं आणि कोर्टात गेला.

वहिनींच्या मुलीनं हॅम्बर्गहून फोन केला. "काका, भाडेकरू संघटनेचा वकील घेऊ या का?" मी म्हणालो, "वकील कशाला? प्रकरण साहेबांपुढे आलंय. आपलाच माणूस आहे. वकील आणला तर उगाच बिथरेल." तिनं वकील घेतला नाही. लहानपणी मी तिला सायकल शिकवली होती, तिचा माझ्यावर विश्वास होता.

कोर्टाची खोली आमच्या कारखान्याच्या मीटिंगच्या खोलीपेक्षा लहान होती. वहिनींच्या बाजूनं साक्षीदार मीच होतो. साहेब काळा झगा घालून आले. मी हसलो. त्यांनी माझ्याकडे बघितलं ते भिंतीवरच्या घड्याळाकडे बघावं तसं. माझं आडनाव कागदावरून अडखळत वाचलं. दहा वर्षं त्या आडनावाच्या माणसाच्या हातून त्यांनी शाल घेतली होती.

मला तेवढ्यावरच उठून 'हा माणूस मला ओळखतो' असं म्हणता आलं असतं. मला मात्र वाटलं, वा, किती निःपक्षपाती! मनातल्या मनात मी त्यांचं कौतुक करत होतो.

त्यांनी आधी ते पत्र हातात घेतलं. "उत्तम जर्मन आहे," म्हणाले. "ज्यानं कोणी मदत केली असेल, त्यानं चांगली केली आहे." आणि मला, काय सांगू, क्षणभर बरं वाटलं.

मग वहिनींना विचारलं. वहिनी उभ्या राहिल्या. बसूनच बोलायचं असतं, पण त्या उभ्या राहिल्या. बटाट्या-भांड्यांच्या जर्मनमध्ये म्हणाल्या, "त्या दिवशी रांगोळी नाही. घरात मृत्यू. दहा दिवस नाही. कधीच नाही."

साहेब माझ्याकडे वळले. "बरं तर, तुम्ही साक्षीदार आहात आणि या संस्कृतीचे जाणकार आहात. असा काही कडक नियम आहे का? म्हणजे मृत्यूनंतर ही पावडर काढतच नाहीत, असा?"

सगळं त्या एका प्रश्नावर होतं. वहिनींचं घर, त्यांचा शब्द, सगळं. मी नुसतं 'हो' म्हणायचं होतं. 'हो, नियम आहे. आणि त्या दिवशी फरशी कोरी होती, मी पाहिली. जिना साबणानं ओला होता. पत्र मी लिहून दिलं, त्यातलं खरं नाही.' एवढंच. पण मग माझं सुंदर जर्मन म्हणजे खोटं ठरत होतं. आणि या माणसापुढे, ज्यानं मला आपल्यातला म्हटलं होतं, सुतक म्हणजे काय ते मला सांगावं लागलं असतं. विटाळ, दहा दिवस, देव झाकून ठेवणं. तो भुवया उंचावेल, असं मला वाटलं. भुवया! एका बाईचं घर एका बाजूला आणि या दोनदा उद्घाटन करणाऱ्या गृहस्थाच्या भुवया दुसऱ्या बाजूला, आणि मी भुवयांना घाबरलो.

मी म्हणालो, "जुन्या पिढीतले काही लोक पाळतात. हल्ली फारसं कोणी पाळत नाही."

"आणि त्या दिवशी तिथे पावडर होती की नव्हती?"

"मी लक्ष दिलं नव्हतं."

वहिनींना तेवढं जर्मन कळत होतं. त्यांनी माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. हळूच खाली बसल्या.

त्यानंतर साहेबांनी जे केलं ते त्यांच्या सगळ्या कारकिर्दीचं सार होतं. त्यांनी निकाल दिलाच नाही. निकाल द्यायचा म्हणजे कारणं लिहावी लागतात, कोणाचं तरी खरं आणि कोणाचं तरी खोटं म्हणावं लागतं. सायकलच्या वाटेला पाठिंबा आणि शेतकऱ्यालाही पाठिंबा देणारा माणूस तो. झग्यातसुद्धा आमदारच. त्यांनी फेरग्लाइश सुचवला, म्हणजे तडजोड. वहिनींनी सहा महिन्यांत घर सोडायचं, मालकानं सामान हलवायला मदत करायची, कोणी हरलं नाही, कोणी जिंकलं नाही. "दोन्ही बाजूंनी मन मोठं करू या," असं म्हणाले, अगदी गणपतीत भाषण करायचे त्याच आवाजात. मी वहिनींना मराठीत सांगितलं, "सही करा. याहून वाईट होऊ शकलं असतं."

त्यांनी सही केली. बाहेर आल्यावर मला एवढंच म्हणाल्या, "चला भावजी, बस चुकेल."

घरी बायको पुण्याहून परत आलेली होती. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि एकच विचारलं, "तुमच्या आईच्या वेळी दहा दिवस दारात काय काढलं होतं आपण?"

"काही नाही."

"मग 'हल्ली कोणी पाळत नाही' म्हणजे कोण नाही?"

दुसऱ्या दिवशी सन्मानपत्र भिंतीवर नव्हतं. तळघरात लोणच्याच्या बरण्यांवर झाकण म्हणून ठेवलेलं मिळालं. मी ते वर आणलं नाही. साहेब पुढच्या गणपतीलाही आले, नारळ छातीशी धरून. मला म्हणाले, "त्या बाईंचं छान मिटलं, नाही का?" म्हणजे ओळखलं होतं. मी म्हणालो, "हो, छान मिटलं." पत्रकं वाटायचं मात्र तेवढं बंद केलं. तेही, खरं सांगायचं तर, ते आता निवडणूक लढवत नव्हते म्हणून.

वहिनी हॅम्बर्गला मुलीकडे गेल्या. दोन वर्षांनी मी तिकडे गेलो, मुद्दाम, माफी मागायला. चार तासांच्या गाडीत वाक्यं घोकत होतो. पाऊस होता. दाराशी पोचलो आणि सवयीनं लांब पाय टाकला. फरशी कोरी. आतमध्ये स्वयंपाकघरात एका स्टीलच्या ताटात त्यांनी रांगोळी काढलेली होती, कपाटाखाली सरकवता येईल अशी.

"बाहेर नको म्हणते मुलगी," त्या म्हणाल्या. "तिचं बरोबर आहे. तिला इथं राहायचंय."

नात येऊन जर्मनमध्ये काहीतरी विचारून गेली, वहिनींनी तिला मराठीत उत्तर दिलं. आम्ही दोघंच उरलो. चहा झाला. मी कप खाली ठेवला.

"वहिनी, त्या कोर्टाच्या दिवशी..."

त्यांनी माझ्याकडे बघितलं. थांबल्या. चांगलं मिनिटभर थांबल्या असतील. हातातला चमचासुद्धा हलवला नाही. ऐकायला त्या तयार होत्या, हे मला आज स्वच्छ दिसतं. आणि मी म्हणालो, "...त्या दिवशी थंडी फार होती, नाही?"

"होती," त्या म्हणाल्या. कप उचलता उचलता म्हणाल्या, "तुमची गाडी किती वाजता, भावजी?"

निघताना त्यांनी डब्यात बेसनाचे लाडू दिले. पुढच्या थंडीत त्या गेल्या. त्यांच्या मुलीनं फोन करून सांगितलं, रडत रडत "काका" म्हणाली. मला त्यांचं सुतक नव्हतं. नात्यानं मी कोणीच नव्हतो. तरी बायकोनं दहा दिवस आमच्या दारात काही काढलं नाही, आणि मला काही विचारलंही नाही. आता तीही नाही.

सेक्रेटरीला साहेबांचा फोटो हवा असेल तर कुर्त्यातले दहा आहेत माझ्याकडे, सगळ्यांत नारळ आहे. येऊन घेऊन जावेत. मला उरलेली जागा दुसऱ्या कामासाठी हवी आहे. हॅम्बर्गच्या गाडीत घोकलेली वाक्यं माझ्या अजून लक्षात आहेत.

वहिनी, त्या दिवशी तुमच्या दारापुढची फरशी कोरी होती. मी पाहिली होती. जिना ओला होता, तेही पाहिलं होतं. पत्रातला शब्दन् शब्द माझा होता. तुम्ही खरं बोललात, मी तुम्हाला खोटं पाडलं, आणि तेसुद्धा ज्याला माझं आडनाव वाचता येत नव्हतं अशा माणसासाठी. लिहायला काय जातं, असं मीच म्हणालो होतो. मला माफ करा.